पुढून येणारी खटखट: दोनशेचं रबर की दहा हजारांचं बिल?

पुढच्या चाकांकडून ‘खट् खट्’ येऊ लागलं की गाडीवाल्याच्या मनात आधी शॉकअप येतो आणि लगेच मागोमाग पाकीट. गॅरेजवाल्यालाही हे ठाऊक असतं. ‘सस्पेन्शनचं काम निघालंय’ एवढं त्यानं म्हटलं की गिऱ्हाईक दहा हजारांना मनानं तयार होतं. प्रत्यक्षात लहान-मध्यम गाड्यांमध्ये हा आवाज बऱ्याचदा स्टॅबिलायझर बारच्या दोन बुशांचा, नाहीतर त्याच बारच्या टोकांना असलेल्या लिंक रॉडचा निघतो. बुश म्हणजे मुठीत मावणारा रबराचा तुकडा. खपाच्या हॅचबॅक गाडीसाठी कंपनीच्या पाकिटातली जोडी साधारण दोनशे ते सहाशे रुपयांत येते, आणि जागा मोकळी असेल तर बसवायला तासभरही लागत नाही.

मग लोकांचे पैसे जातात कुठे? अंदाजानं भाग बदलण्यात. आधी शॉकअप बदलले, आवाज तसाच. मग शॉकअपचे माउंट बदलले, आवाज तसाच. शेवटी कोणीतरी खाली वाकून बुश हलवून पाहिला. म्हणून या लेखात बुश बदलण्यापेक्षा बुशच गेलाय हे पैसे देण्याआधी पक्कं कसं करायचं, यावर भर जास्त आहे.

हा बार करतो काय

स्टॅबिलायझर बार म्हणजे गाडीच्या पुढच्या भागात आडवी बसवलेली, ‘यू’ आकारात वाकवलेली स्प्रिंग पोलादाची सळई. तिचा मधला भाग दोन ठिकाणी सबफ्रेमला, म्हणजे खालच्या पोलादी चौकटीला, लोखंडी पट्टीनं जखडलेला असतो. पट्टी आणि सळई यांच्यामध्ये जे रबर असतं तोच आपला बुश. सळईची दोन्ही टोकं लिंक रॉडच्या मार्फत शॉकअपला किंवा लोअर आर्मला जोडलेली असतात. गॅरेजमध्ये या सळईला कोणी जंपिंग रॉड म्हणतं, कोणी बॅलन्स रॉड. बुशाला त्याच्या आकारावरून डी बुश. सुट्या भागांच्या दुकानात यातलं कुठलंही नाव चालतं, फक्त ‘लिंक रॉडचा बुश’ म्हणू नका, दुसरीच वस्तू हातात येईल.

ताम्हिणी घाटात वळण घेताना गाडी बाहेरच्या बाजूला कलते. बाहेरचं चाक वर दाबलं जातं, आतलं खाली लोंबतं. दोन चाकं अशी उलटसुलट गेली की सळईला पीळ बसतो आणि ती पीळ सोडवायला पाहते. गाडीचं कलणं त्यामुळे आवरतं. याउलट रुंद गतिरोधकावर दोन्ही चाकं एकदम चढली तर सळईला पीळ बसतच नाही, ती बुशांमध्ये नुसती फिरते. हा फरक डोक्यात पक्का ठेवा, कारण पुढचं सगळं निदान त्यावर उभं आहे. पीळ बसताना सैल बुशात सळई आदळते आणि ‘खट्’ वाजते. नुसती फिरताना कोरड्या, कडक झालेल्या रबरावर घासते आणि ‘कुई’ करते. दोन्ही आवाज एकाच बुशाचे असू शकतात, पण ते वेगवेगळ्या जागी येतात.

सळईची ताठरता तिच्या जाडीच्या चौथ्या घातानं वाढते. वीस मिलिमीटरच्या जागी बावीसची सळई टाकली तर ती जवळपास ४६ टक्के अधिक ताठ होते. म्हणूनच एकाच मॉडेलच्या पेट्रोल आणि डिझेल गाडीत, किंवा जुन्या आणि नव्या आवृत्तीत, सळई एखाद-दोन मिलिमीटरनं वेगळी असू शकते आणि बुशाचं भोकही त्याप्रमाणे बदलतं. ‘स्विफ्टचे बुश द्या’ एवढ्यावर खरेदी करू नका. दुकानात चेसिस नंबर सांगा, त्यावरून भाग क्रमांक काढायला लावा. नंबर आरसीवर असतोच.

मारुती ८०० आणि जुन्या आल्टोचे मालक अजून पुष्कळ आहेत, त्यांच्यासाठी वेगळी सूचना. या गाड्यांत सळईच्या टोकांना स्वतंत्र लिंक रॉड नाहीत. टोकं थेट लोअर आर्ममध्ये शिरतात आणि चाकाला पुढे-मागे धरून ठेवण्याचं कामही तीच करतात. तिथला बुश गेला तर प्रकरण आवाजावर थांबत नाही. ब्रेक मारताना गाडी एका बाजूला ओढते, टायर एका कडेनं खातो. बाकीच्या गाड्यांत डी बुशाचं काम पंधरा दिवस लांबलं तरी बिघडत नाही. यांत लांबवू नका.

आवाज ऐकण्याची रीत

गॅरेजमध्ये जाण्याआधी अर्धा तास स्वतः द्या. हा अर्धा तास पैसे वाचवतो. काचा खाली, रेडिओ आणि पंखा बंद, मोबाइल-किल्ल्यांचा कप्पा रिकामा. डॅशबोर्डखालचं सैल प्लॅस्टिक आणि बॉनेटची ढिली कडी यांनी भल्याभल्यांना फसवलंय, ते आधी हातानं दाबून पाहा. मग असा रस्ता शोधा जिथे डावं-उजवं चाक आळीपाळीनं खड्ड्यात जातं, आणि त्यावरून ताशी वीसच्या आसपास वेगानं जा. असा रस्ता शोधायला कोणाला फार लांब जावं लागेल असं वाटत नाही. इथे जर लहान-लहान, पोकळ ‘खट् खट्’ आली आणि पूर्ण रुंदीच्या गतिरोधकावर सरळ चढताना ती गायब झाली, तर संशय लिंक रॉड आणि डी बुशावर. दोन्ही ठिकाणी सारखाच, जड ‘धप्’ असा आवाज असेल तर शॉकअप किंवा त्याच्या माउंटकडे पाहा.

गतिरोधकाचं एक सांगायला हवं. इंडियन रोड्स काँग्रेसच्या प्रमाणानुसार गोल गतिरोधक दहा सेंटिमीटर उंच आणि ३.७ मीटर रुंद असावा, म्हणजे ताशी पंचवीसच्या वेगानं गाडी विनाधक्का जाईल. आपल्या सोसायट्यांनी आणि ग्रामपंचायतींनी घातलेले उंच, अरुंद उंचवटे याच्या जवळपासही नसतात. त्यात एक वाईट सवय भर घालते: गतिरोधक चुकवायला गाडी तिरकी घेऊन एकेक चाक चढवणं. खालून घासणाऱ्या बुटक्या गाडीला ते भाग आहे, पण ज्या गाडीला गरज नाही तिनं सरळ, सावकाश चढावं. तिरकं चढताना सळईला जो पीळ बसतो तो सगळा भार त्या दोन रबरांवर आणि लिंक रॉडवर येतो.

आता ‘कुई कुई’. हा आवाज पावसाळ्यात नाहीसा होतो आणि ऑक्टोबरच्या उन्हात परत येतो, असं असेल तर बहुतेक वेळा तो रबराचाच. ओलं रबर कुरकुरत नाही. याचीच परीक्षा घरी करता येते. गाडी सपाट जागी लावा, पुढचा भाग हातानं दाबून आवाज निघतोय का पाहा, मग पाण्याच्या फवाऱ्यानं बुशांवर पाणी मारा आणि पुन्हा दाबा. आवाज पाच-दहा मिनिटांपुरता थांबला तर चोर सापडला. पाण्याऐवजी गंज सोडवण्याचा स्प्रे, इंजिन ऑइल किंवा ग्रीस मारायचा मोह टाळा. आवाज थांबेल, पण खनिज तेलानं साधं रबर फुगतं, मऊ पडतं आणि लवकर फाटतं.

याच कारणासाठी वॉशिंग सेंटरवरच्या त्या डिझेलच्या फवाऱ्यालाही नको म्हणा. गाडी धुऊन झाली की ‘खालून डिझेल मारू का, गंज धरणार नाही’ असं आपुलकीनं विचारलं जातं आणि शे-दीडशे रुपयांत खालची सगळी रबरं डिझेलनं न्हाऊन निघतात. चेसिस चमकते, बुश मरतात. गंजाची काळजी असेल तर कोकणात राहणाऱ्यांनी रीतसर अंडरबॉडी कोटिंग करून घ्यावं आणि रबरं झाकून घ्यायला सांगावं.

संशयित आणखीही आहेत, आणि त्यांना वगळायच्या युक्त्या फुकट आहेत. खराब रस्त्यावर आवाज येत असतानाच ब्रेकवर अगदी हलका पाय ठेवा. आवाज तेवढ्यात बंद झाला तर कॅलिपरमधले ब्रेक पॅड किंवा त्यांच्या पिना वाजतायत. सस्पेन्शनला हात लावायचं कारण नाही. गाडी उभी असताना स्टिअरिंग पूर्ण वळवलं आणि ‘टंग’ असा स्प्रिंग उडाल्यासारखा आवाज आला तर शॉकअपच्या वरच्या माउंटचं बेअरिंग पाहा. वळताना ॲक्सिलरेटर दिल्यावर एका लयीत ‘टक टक टक’ येत असेल तर तो ड्राइव्ह शाफ्टचा जॉइंट. आणि आवाजासोबत स्टिअरिंगच हातात सैल वाटत असेल, गाडी आपोआप भरकटत असेल, तर हा लेख बाजूला ठेवून त्याच दिवशी बॉल जॉइंट आणि टाय रॉड एंड तपासून घ्या. बुश वाट पाहतो, बॉल जॉइंट पाहत नाही.

खाली वाकून काय पाहायचं

लिंक रॉड तर गाडीखाली न जाताही तपासता येतो. सपाट जागी हँडब्रेक लावा, स्टिअरिंग एका बाजूला पूर्ण वळवा, इंजिन बंद करा. चाकाच्या मागे शॉकअपच्या शेजारी बोटाएवढ्या जाडीचा उभा दांडा आणि त्याच्या दोन्ही टोकांना रबरी टोप्या दिसतील. टोपी फाटून आतलं ग्रीस बाहेर आलं असेल तर त्याचे दिवस भरले. मग एकाला गाडीच्या छताच्या कडेला धरून गाडी डावी-उजवीकडे हलवायला सांगा आणि तुम्ही दांड्याच्या टोकावर बोटं ठेवा. सैल जॉइंट बोटांना ‘टिक’ असा ठोका देतो. कानापेक्षा बोटांवर विश्वास ठेवा, कारण आवाज पत्र्यातून प्रवास करून भलत्याच ठिकाणाहून आल्यासारखा वाटतो.

डी बुशासाठी मात्र गाडी रॅम्पवर किंवा खड्ड्यावर हवी. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली शिरू नका, एका मिनिटासाठीही नाही. इथे एक बारकावा बरेच मेकॅनिकही विसरतात: तपासताना दोन्ही पुढची चाकं सारख्या उंचीवर असायला हवीत. एकच चाक जॅकवर उचललं तर सळईला पीळ बसतो, ती बुशात घट्ट आवळली जाते आणि झिजलेला बुशही धडधाकट वाटतो. चाकं सारखी असताना सळई आणि सबफ्रेम यांच्यामध्ये टॉमी (लोखंडी पहार) घालून हलकेच दाबायची. चांगल्या बुशात रबर थोडं दबतं आणि परत येतं. गेलेल्या बुशात सळई मोकळी उडते, सळई आणि रबर यांत चंद्रकोरीसारखी फट दिसते. बॅटरीच्या उजेडात पाहिलं तर आणखी एक खूण असते: सळईचा बुशातला भाग घासून आरशासारखा चकचकीत झालेला आणि आजूबाजूला काळ्या रबराची पूड. ही पूड स्वतः पाहा, मोबाइलमध्ये फोटो काढा. चांगला मेकॅनिक तुम्हाला हौसेनं खाली बोलावून दाखवतो. ‘गिऱ्हाइकाला आत यायला परवानगी नाही’ असं उत्तर मिळालं तर फोटो किंवा व्हिडिओ मागा.

तरीही डी बुश की लिंक रॉड हे ठरत नसेल, तर शेवटची कसोटी आहे. दोन्ही बाजूंचे लिंक रॉड सोडून बांधून ठेवायचे आणि गॅरेजच्या गल्लीत अगदी सावकाश एक फेरी मारायची. सळईच आता कामातून गेलेली असते, त्यामुळे आवाज थांबला तर तो याच कुटुंबाचा, आणि सुरूच राहिला तर शॉकअप, माउंट, लोअर आर्म यांच्याकडे जायला हरकत नाही. या अवस्थेत गाडी वळणावर जास्त कलते, तेव्हा मोठ्या रस्त्यावर नेऊ नये. या कसोटीला फार तर अर्धा तास लागतो. त्याचे दोन-तीनशे रुपये मागितले तर न कुरकुरता द्या. गाडीच्या कामात निदानाचे पैसे हे सगळ्यात स्वस्त पैसे असतात, आणि नेमके तेच द्यायला आपण नाखूश असतो.

किती पैसे लागतील

आता आकडे. हे ढोबळ आहेत. पुणे-मुंबईत मजुरी वरच्या टोकाला जाते, तालुक्याच्या गावी खालच्या. लहान हॅचबॅक किंवा छोटी सेडान असेल तर डी बुशाची जोडी दोनशे ते सहाशे, नेहमीच्या गॅरेजमध्ये मजुरी तीनशे ते सातशे. म्हणजे काम तेराशेच्या आत. अधिकृत सर्व्हिस सेंटरमध्ये भाग तोच, मजुरी सातशे ते दीड हजार. मध्यम एसयूव्हीत बुश चारशे ते बाराशे, मजुरी पाचशे ते दीड हजार. लिंक रॉडही बदलायचे असतील तर हॅचबॅकला एकेकाचे चारशे ते बाराशे धरा. या कामात लिंक रॉड बहुधा सुटलेलेच असतात, त्यामुळे त्यांची वेगळी पूर्ण मजुरी लावली असेल तर हटका.

चित्र बदलतं ते सबफ्रेम खाली घ्यावी लागते तेव्हा. काही गाड्यांत, विशेषतः युरोपीय बनावटीच्या, पट्टीच्या वरच्या बोल्टपर्यंत पानाच पोचत नाही. स्टिअरिंग रॅक आणि सबफ्रेम यांच्या बेचक्यात ते बोल्ट दडलेले असतात. मग सबफ्रेमला खालून आधार देऊन ती काही सेंटिमीटर उतरवावी लागते, तीन-चार तासांचं काम होतं आणि मजुरी तीन ते आठ हजारांपर्यंत जाते. काही मॉडेलांत बुश सळईवरच कायमचे चिकटवलेले असतात आणि अख्खा बार घ्यावा लागतो. तेव्हा भावाआधी एकच प्रश्न विचारा: ‘सबफ्रेम उतरवावी लागेल का?’ उत्तर हो असेल तर मॅन्युअल दाखवायला सांगा, आणि इतर काम निघेपर्यंत थांबता येईल का तेही विचारा. क्लच, स्टिअरिंग रॅक किंवा लोअर आर्मच्या कामासाठी सबफ्रेम उतरणारच असेल तर त्याच वेळी डी बुश बदलून घ्या. मजुरी जवळजवळ फुकटात पडते, फक्त रबराचे पैसे. क्लचप्लेट बदलताना ही गोष्ट आपणहून सुचवणारा मेकॅनिक भेटला तर त्याला सोडू नका.

बंद पाकिटातल्या सुट्या भागावर एमआरपी छापलेली असते आणि ती सर्व करांसह असते. बिलात मूळ किंमत आणि जीएसटी वेगळे दाखवणं रीतसर आहे, पण त्यांची बेरीज एमआरपीच्या वर जाता कामा नये. एमआरपीवर पुन्हा कर चढवणं चूक आहे. २२ सप्टेंबर २०२५ पासून वाहनांच्या सुट्या भागांवर जीएसटी १८ टक्के आहे. त्याआधी बहुतेक भागांवर तो २८ टक्के होता. बिलात अजून २८ दिसले तर बोट ठेवा. आणि ज्या गॅरेजकडे जीएसटी नोंदणीच नाही त्याला तुमच्याकडून जीएसटी घेता येत नाही.

कुठला माल घ्यावा? या भागापुरतं माझं मत स्पष्ट आहे: कंपनीचा, किंवा कंपनीला माल पुरवणाऱ्या उत्पादकाचा. पुण्याच्या नाना पेठेत किंवा मुंबईत ऑपेरा हाउसजवळच्या बाजारात पन्नास रुपयांतही जोडी मिळेल, पण मजुरी तीच लागते आणि रबराचा दर्जा डोळ्यांना दिसत नाही. शंभर-दोनशेसाठी काम वर्षभरात पुन्हा करणं परवडत नाही. पॉलियुरेथेनचे लाल-निळे बुश म्हणाल तर ते शर्यतीच्या हौशीसाठी ठीक. ते टिकाऊ आणि ताठ असतात, पण महाग पडतात, खडबडीत रस्त्याचा धक्का जास्त आत आणतात आणि त्यांचं खास ग्रीस सुकलं की ज्या कुरकुरीसाठी हा सगळा खटाटोप केला तीच परत आणतात. ऑफिस-घर करणाऱ्यानं त्यांच्या नादी लागू नये.

गॅरेजमध्ये एक जुगाड हमखास सुचवला जातो: जुन्या ट्यूबची पट्टी कापून सळईभोवती गुंडाळायची आणि जुनाच बुश परत कसायचा. आवाज खरंच थांबतो. पण पट्टी सरकते, तिच्या कडेनं धूळ शिरते आणि ती धूळ सळईला कानशीसारखी घासत राहते. गावी अडकला असाल, भाग मिळत नसेल तर घरी परतेपर्यंत चालेल. त्याचे दोनशे रुपये देऊन समाधान मानू नका, तेवढ्यात रबर नवं येतं.

काम होताना उभे राहिलात तर

दोन्ही बुश एकदम बदला. एकच बदलून वाचणारे पैसे चहापाण्याएवढे असतात. काम असं होतं: गाडी लिफ्टवर, दोन्ही चाकं सारखी. गंजलेल्या बोल्टवर आधी गंज सोडवणारा स्प्रे, पण बेतानं आणि फक्त बोल्टवर. रत्नागिरी-सिंधुदुर्गाच्या खाऱ्या हवेतली गाडी असेल तर बोल्ट तुटण्याची शक्यता धरून नवे बोल्ट आधीच आणून ठेवा. तुटका बोल्ट ड्रिलनं काढायची मजुरी या अख्ख्या कामापेक्षा जास्त होऊ शकते. पट्टी निघाली की जुना बुश चिरेतून उघडून काढायचा. ती चीर कुठल्या बाजूला होती, पुढे की मागे, हे काढण्याआधीच पाहून ठेवायचं, नवाही तसाच बसला पाहिजे.

मग घाईत गाळली जाणारी पायरी. सळईचा बुशाखालचा भाग बारीक पॉलिश पेपरनं घासून, पुसून कोरडा करायचा आणि त्यावरून नख फिरवायचं. नख अडकेल एवढी खाच पडली असेल तर नवा बुशही काही महिन्यांत वाजणार. अशा वेळी बारच बदलायचा निर्णय घ्यावा लागतो, हॅचबॅकला तो साधारण दोन ते पाच हजारांत पडतो. खाच नसेल तर बुश साबणाच्या पाण्यानं किंवा कोरडाच बसवायचा, कंपनीनं सांगितलं असेल तरच सिलिकॉन ग्रीस. बोल्ट आधी हातानं धरायचे, पट्टी सरळ बसल्याची खात्री करायची आणि मग टॉर्क पान्यानं ठरलेल्या आकड्याला कसायचे. ‘अंदाजानं कसतो साहेब, वीस वर्षं करतोय’ यावर हसून टॉर्क पाना मागा. जास्त कसलेला बोल्ट पट्टी वाकवतो, नाहीतर सबफ्रेममधले आटे खातो. लिंक रॉड सोडले असतील तर त्यांची जोडणी गाडी चाकांवर उभी राहिल्यावर तपासून घ्यायची.

काम झालं की ‘आता अलाइनमेंट करून घ्या’ असं ऐकू येईल. नुसते डी बुश आणि लिंक रॉड बदलल्यानं चाकांचे कोन बदलत नाहीत, त्यामुळे या कामासाठी अलाइनमेंटची गरज नाही. पाचशे ते बाराशे वाचवा. अपवाद दोन: सबफ्रेम उतरवली असेल तर, आणि मारुती ८०० सारखी गाडी असेल तर. तिथे अलाइनमेंट टाळणं महागात पडतं.

हे काम घरी करावं का? उत्साही मंडळी करतात. पण चांगले स्टँड, टॉर्क पाना आणि सॉकेट संच विकत घ्यायचा तर चार-पाच हजार सहज जातात, आणि सोसायटीच्या उतरत्या पार्किंगमध्ये गाडीखाली झोपणं हे तीनशे रुपयांच्या मजुरीसाठी घ्यावं असं संकट नव्हे. निदान घरी करा, काम गॅरेजवर सोडा.

गाडी ताब्यात घेताना त्याच रस्त्यावर, त्याच खड्ड्यांवरून मेकॅनिकला शेजारी बसवून चक्कर मारा. आवाज गेला तर उत्तम. कमी झाला पण राहिला तर लिंक रॉड. जराही फरक नसेल तर निदान चुकलं, आणि पुढचा भाग बदलण्याआधी पुन्हा तपासणी व्हायला हवी. ‘आता शॉकअप टाकून बघू’ यातला ‘बघू’ तुमच्या पैशांनी असतो. हॅचबॅकचे पुढचे दोन शॉकअप चार ते आठ हजारांना येतात. तेल गळत नसेल, गाडी एकदा दाबून सोडल्यावर दोनदा-तीनदा झुलत नसेल, तर त्यांना हात लावू देऊ नका.

बिलाच्या बाबतीत तीन गोष्टी आग्रहानं करा. काम सुरू होण्याआधी लेखी अंदाजपत्रक घ्या, त्यात भाग आणि मजुरी वेगळी हवी. जुने बुश आणि नव्यांची रिकामी पाकिटं परत मागा. आणि बिल घ्या, छोट्या गॅरेजकडूनही, भाग क्रमांकासह. बिलाशिवाय वॉरंटीचं बोलणं तोंडी राहतं. गाडी वॉरंटीत असली तरी रबरी बुश हे झिजणारे भाग म्हणून बहुतेक करारांत वगळलेले किंवा थोड्या मुदतीपुरतेच धरलेले असतात, तेव्हा वॉरंटी पुस्तिकेतलं ते पान काउंटरवर जाण्याआधी वाचा. विम्यात झीज धरली जात नाही.

मागितलेलं बिल न देणं ही ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे. न केलेल्या कामाचे पैसे लावले, न बदललेला भाग बिलात दाखवला तर आधी गॅरेजला लेखी कळवा, मग राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवा. तेवढ्यानं भागलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग आहे. पाच लाख रुपयांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला तिथे शुल्क लागत नाही आणि वकीलही सक्तीचा नाही.